खर्जातली थोरली

आमचे अण्णा मिरजेत रेडिओ आणि ग्रामोफोन दुरुस्त करीत. स्टेशनाकडे जाणाऱ्या रस्त्यावर त्यांचे लहानसे दुकान होते आणि तिथे गिऱ्हाइकाला बसायला एकच स्टूल होते, कारण उरलेली सगळी जागा उघडून ठेवलेल्या यंत्रांनी व्यापलेली असे. १९६५ च्या आसपास मिशन हॉस्पिटलात काम करणारे एक अमेरिकन कुटुंब मायदेशी परत निघाले आणि त्यांनी घरातले सामान विकायला काढले, तेव्हा अण्णांनी तिथून स्प्रिंग तुटलेला एक चावीचा ग्रामोफोन आणि त्याच्यासोबत तबकड्यांनी भरलेला एक लाकडी खोका आणला. ग्रामोफोन पंधरा दिवसांत दुरुस्त होऊन विकला गेला. खोक्यातली इंग्रजी गाणी मात्र मिरजेत कोणी विकत घेईना, म्हणून तो खोका आमच्या माजघरात येऊन राहिला आणि अण्णांच्या स्वतःच्या ग्रामोफोनवर त्यातल्या तबकड्या आम्ही एकेक करून वाजवू लागलो.

त्यातल्या एका तबकडीने आम्हा तिघी बहिणींना जे वेड लावले, त्याविषयी लिहायचे पुष्कळ वर्षे माझ्या मनात आहे. अक्का तेव्हा आठवीत होती, मी चौथीत आणि धाकटी नुकतीच शाळेत जाऊ लागली होती. तबकडी डेक्का कंपनीची, दहा इंची, मिनिटाला ७८ फेरे घेणारी. पिन टेकवली की आधी खरखर, मग बँडचे थोडेसे वादन आणि मग तीन बायकांचा असा एक आवाज येई की तो एकच आहे की तीन आहेत, हे पहिल्यांदा ऐकताना कळतच नसे. लेबलावरचे नाव वाचण्याआधीच अण्णा म्हणाले, ‘‘या सख्ख्या बहिणी असणार. परक्या माणसांचे गळे असे मिसळत नाहीत.’’ लेबलावर खरोखरच ‘अँड्र्यूज सिस्टर्स’ असे लिहिलेले होते.

गाण्याचे नाव ‘बाय मीर बिस्त दू शेन’. इंग्रजी येणाऱ्या अण्णांनाही त्याचा अर्थ लागेना आणि आपलेच इंग्रजी कमी पडते, अशी त्यांची समजूत झाली. पुष्कळ वर्षांनी मला कळले की ते शब्द इंग्रजी नव्हतेच. ते यिडिश भाषेतले, म्हणजे पूर्व युरोपातून अमेरिकेत आलेल्या ज्यूंच्या घरगुती बोलीतले आहेत आणि त्यांचा साधा अर्थ ‘माझ्या लेखी तू सुंदर आहेस’ असा आहे. ही तबकडी खुद्द अमेरिकेत पहिल्यांदा निघाली, तेव्हा तिथल्या लाखो लोकांनाही त्या ओळीचा अर्थ ठाऊक नव्हता. अण्णांना हे सांगता आले असते तर त्यांना फार बरे वाटले असते.

या तिघींची नावे लाव्हर्न, मॅक्सीन आणि पॅटी. लाव्हर्न १९११ ची, मॅक्सीन १९१६ ची आणि पॅटी १९१८ ची. वडील ग्रीसमधून अमेरिकेत आलेले, आई नॉर्वेजियन वंशाची, आणि घर मिनेसोटा राज्यातल्या मिनिआपोलिस शहरात, जिथे वडील खाणावळ चालवीत. घरात गाण्याचा पेशा नव्हता. थोरली लाव्हर्न पियानो वाजवीत असे आणि तिघींपैकी नोटेशन वाचता येणारी ती एकटीच होती; धाकट्या दोघींनी सगळे गाणे कानाने उचलले. न्यू ऑर्लिन्सच्या बॉसवेल सिस्टर्स या तीन बहिणी त्या काळी रेडिओवर गाजत होत्या. त्यांच्या गाण्याची नक्कल करता करता या मुली शिकल्या, आणि ती नक्कल इतकी मनापासून केली की बॉसवेल बहिणींचे दक्षिणी उच्चारही या उत्तरेकडच्या मुलींच्या तोंडी बसले. मार्था, कॉनी आणि व्हेट या बॉसवेल बहिणी लग्ने झाल्यावर १९३६ साली एकत्र गायच्या थांबल्या. माझ्या मते संगीताच्या दृष्टीने बॉसवेल बहिणींचे काम अधिक अवघड आणि अधिक धाडसी आहे, कारण एकाच गाण्यात चार वेळा लय बदलण्याची त्यांची हिंमत पुढे फारशी कोणी केली नाही. परंतु साधेपणा आणि जोम यांच्या बळावर घराघरांत पोहोचण्याचे काम अँड्र्यूज बहिणींच्या हातून झाले.

तेही सहज झाले नाही. १९३१ पासून सहा वर्षे या मुली फिरत्या करमणुकीच्या कार्यक्रमांतून गावोगाव गात हिंडल्या, आणि त्यांच्याबरोबर आईवडीलही हिंडले, कारण एकट्या मुलींना पाठवणे त्यांना मान्य नव्हते. वडिलांचे म्हणणे असे की आता हे पुरे झाले, घरी परत जावे आणि मुलींनी टायपिंग वगैरे शिकून कचेरीत नोकऱ्या धराव्यात. १९३७ साली न्यूयॉर्कमध्ये शेवटची मुदत म्हणून थोडे दिवस मिळाले. त्याच दिवसांत एका हॉटेलातून रेडिओवर त्यांचे एक गाणे प्रसारित झाले आणि डेक्का कंपनीच्या एका अधिकाऱ्याने ते टॅक्सीत बसून ऐकले, अशी हकीकत सांगितली जाते. कंपनीने बोलावले, पहिली तबकडी निघाली आणि ती चालली नाही. दुसरी तबकडी २४ नोव्हेंबर १९३७ रोजी मुद्रित झाली. आमच्या माजघरातली ती हीच.

मिरजेच्या माणसाला १९३७ हे वर्ष वेगळ्या कारणाने ठाऊक असते. त्याच वर्षी २७ ऑक्टोबरला खाँसाहेब अब्दुल करीम खाँ दक्षिणेत प्रवासात असताना गेले आणि त्यांना मिरजेत दर्ग्याच्या आवारात आणून दफन केले. म्हणजे किराणा घराण्याचा तो स्वर थांबला आणि महिनाभराच्या आत पृथ्वीच्या पलीकडच्या बाजूला हे गाणे मेणावर उतरले. या दोन गोष्टींचा एकमेकींशी काही संबंध नाही, परंतु माझ्या कानात दोन्ही एकाच गावात राहिल्या, म्हणून तारखा शेजारी मांडल्यावाचून मला राहवत नाही.

त्या गाण्याच्या पैशांची हकीकतही सांगण्यासारखी आहे. शोलोम सिकुंडा यांची चाल आणि जेकब जेकब्स यांचे शब्द असलेले हे गाणे १९३२ सालच्या एका यिडिश नाटकातले. या दोघांनी त्याचे हक्क अवघ्या ३० डॉलरना विकले आणि ती रक्कम आपसांत वाटून घेतली. पुढे सॅमी कान आणि सॉल चॅप्लिन यांनी मुखड्याची ओळ तशीच ठेवून बाकीचे शब्द इंग्रजीत लिहिले, बहिणींनी ते गायले आणि तबकडी दहा लाखांवर खपली. स्त्रियांच्या गायनगटाच्या बाबतीत असे प्रथमच घडले, असे मानले जाते. बहिणींना या मुद्रणाचे एकरकमी ५० डॉलर मिळाले होते आणि खपावर काहीच नव्हते. पुढचा करार मात्र त्यांनी रॉयल्टीसह केला. मूळ रचनाकारांना आपले हक्क परत मिळायला १९६१ साल उजाडावे लागले. आमच्याकडच्या जुन्या गायिकांनाही तबकड्यांच्या कंपन्यांकडून एकरकमी बिदागीच मिळत असे, हे आठवले की गाण्याच्या धंद्याची रीत दोन्हीकडे किती सारखी होती, ते ध्यानात येते.

आता त्यांच्या आवाजाविषयी मला जरा सविस्तर लिहायचे आहे, कारण त्यातच त्यांच्या कारकिर्दीचे सगळे मर्म आहे असे मला वाटते.

आपल्याकडे तीन बहिणी एकत्र गायल्या तर तिघी एकच स्वर लावतात. आरती असो, भजन असो की जात्यावरची ओवी असो, सगळ्यांनी एका सुरात येणे हीच आपली सुरेलपणाची कसोटी आहे. अँड्र्यूज बहिणी एकाच क्षणी तीन वेगळे स्वर लावतात. मूळ चाल पॅटीकडे, तिच्या वरचा स्वर मॅक्सीनकडे आणि खालचा लाव्हर्नकडे. पेटीवर सा, ग आणि प या तीन पट्ट्या एकदम दाबल्या तर जे ऐकू येते, तशा तीन स्वरांच्या जुड्या एकामागून एक धावत जातात आणि तरीही शब्द, श्वास आणि आघात तिघींचे एकाच वेळी पडतात. त्या काळच्या मोठ्या बँडमध्ये तीन ट्रम्पेट शेजारी बसून वाजत. व्हिक शोएन या त्यांच्या संगीत-संयोजकाने तिघींचे गळे जवळजवळ तशाच पद्धतीने वापरले. पॅटीने एका मुलाखतीत म्हटले होते की घरात मुली तिघीच, थोरलीचा आवाज खालचा, मधलीचा उंच आणि आपला मधला, जणू देवानेच ज्याच्या त्याच्या जागेचा आवाज ज्याला त्याला दिला.

आम्हीही हे करून पाहिले. अक्का त्या वेळी मिरजेतल्या एका गुरुजींकडे गाणे शिकत होती आणि मी तिच्यामागे जाऊन बसत असे. सुटीत दुपारी माजघराचे दार लावून आम्ही ‘सा’, ‘ग’ आणि ‘प’ वाटून घेतले. अक्काने षड्ज धरला, धाकटीने पंचम धरला आणि मला गंधार दिला. माझा गंधार दोन मात्रांच्या पुढे टिकत नसे. कान अक्काच्या षड्जाकडे ओढला जाई आणि गळा त्याच्यामागून जाई. धाकटी तर सरळ अक्काच्या षड्जावर येऊन बसे आणि आपले चुकले हेही तिला कळत नसे, कारण तिच्या दृष्टीने ती ताईच्या सुरात आली होती. आपली सगळी शिकवण दुसऱ्याच्या सुरात मिसळायला सांगते. इथे मिसळायचे होते, परंतु आपली जागा न सोडता, आणि ते आम्हाला महिनाभर खटपट करूनही जमले नाही. आपल्या जागेवर अढळ राहिली ती एकटी अक्का.

याचे उत्तर मला फार उशिरा आणि अगदी घराजवळच मिळाले. मिरजेच्या सतारमेकर गल्लीत तंबोरे बनवणारे कारागीर आहेत. सोलापूर जिल्ह्यातून आणलेल्या भोपळ्यांपासून पिढ्यान् पिढ्या ते हे काम करीत आले आहेत, आणि २०२४ साली मिरजेच्या सतारीला व तंबोऱ्याला भौगोलिक मानांकनही मिळाले. मी शाळेत संगीत शिकवू लागल्यावर एकदा तंबोऱ्याची जवारी काढायला, म्हणजे तारांचा नाद खुलेल अशी घोडी जुळवून घ्यायला, तिथे गेले होते. घोडीवर तारेखाली सुताचा दोरा सरकवत सरकवत कारागिराने खर्जाची, म्हणजे खालच्या षड्जाची, तार छेडली आणि मला म्हणाला, ‘‘बाई, आता गंधार ऐका.’’ तंबोऱ्यात गंधाराची तार नसतेच. तरीही खर्जाच्या पोटातून तो स्वच्छ ऐकू येत होता. हा स्वयंभू गंधार मी पुस्तकात वाचलेला होता, विद्यार्थिनींना सांगतही होते, परंतु त्या दिवशी मला एकदम माजघरातली दुपार आठवली. मी जो गंधार बाहेरून आणून अक्काच्या षड्जाशेजारी ठेवू पाहत होते, तो तिच्या षड्जातच होता. तो ऐकून त्यावर अलगद टेकायचे, एवढेच मला करायचे होते. पेटीचा गंधार निसर्गाच्या गंधारापेक्षा किंचित चढा असतो आणि मी पेटीवरून पाठ केलेला गंधार लावत असल्यामुळे तो तिथे बसत नव्हता.

तेव्हापासून मी अँड्र्यूज बहिणींचे गाणे वेगळ्या कानांनी ऐकते. कारागीर तंबोऱ्यांची जोडी बनवतो तेव्हा दोन्ही भोपळे शक्य तितके सारखे निवडतो, कारण नाद जुळायचा असेल तर घडण सारखी असावी लागते. सख्ख्या बहिणींची जिभेची ठेवण, टाळूची घडण आणि नाकात घुमणारा नाद सारखा असतो, त्याच घरातले उच्चार त्यांच्या तोंडी असतात, आणि लहानपणापासून एकमेकींचे श्वास ऐकल्यामुळे पुढची केव्हा श्वास घेणार हे मागचीला न पाहता कळते. पॅटीचा ठसका आणि मॅक्सीनची वरची झेप लगेच ध्यानात येतात, म्हणून लोक त्यांची वाहवा करतात. लाव्हर्नचा आवाज वेगळा ऐकू येत नाही. तिची जागा खर्जाची आहे, आणि धाकट्या दोघींचे स्वर ज्या भरवशावर वर उठतात तो भरवसा तिचा आहे.

१९३८ ते १९४५ हा काळ त्यांच्या वैभवाचा. पोल्का, रंबा, बूगी-वूगी, जे काही त्या काळी नाचायला चालत होते ते सगळे त्यांनी गायले. १९३९ साली ‘बिअर बॅरल पोल्का’, १९४१ साली ‘बूगी वूगी बगल बॉय’, १९४२ साली ‘डोन्ट सिट अंडर द अ‍ॅपल ट्री’, आणि बिंग क्रॉस्बी यांच्याबरोबर १९४३ साली ‘पिस्टल पॅकिन् ममा’ व १९४४ साली ‘डोन्ट फेन्स मी इन’, अशी ही रांग आहे. युनिव्हर्सल कंपनीच्या चित्रपटांतही त्या दिसल्या. त्यांच्या तबकड्यांचा एकूण खप साडेसात कोटींच्या पुढे गेल्याचे सांगितले जाते. चित्रपटांविषयी मी फारसे लिहीत नाही, कारण त्यांत गाणी सोडून त्यांच्यासाठी काहीच ठेवलेले नसे.

दुसऱ्या महायुद्धाने मात्र त्यांना खरे स्थान दिले. सैनिकांच्या छावण्यांत, इस्पितळांत आणि बंदरांवर त्या गात हिंडल्या, केवळ सैन्यासाठी काढलेल्या खास तबकड्यांवर त्यांची गाणी दूरदेशी गेली आणि १९४५ साली त्या इटलीपर्यंत जाऊन आल्या. नेपल्समधली एक आठवण त्यांनी पुढे अनेकदा सांगितली. एका मोठ्या गुदामात सैनिकांसमोर कार्यक्रम चालू होता आणि ऐकणाऱ्यांची पुढची रवानगी पॅसिफिकच्या आघाडीवर व्हायची होती. मध्येच पॅटीच्या हाती एक कागद देण्यात आला. तिने तो वाचून दाखवला की जपानशी चाललेले युद्ध संपले आहे. कोणी हलले नाही, कारण सर्वांना ती थट्टा वाटली. तिने पुन्हा वाचले, तिला रडू आवरेना, आणि मग सगळे गुदाम उसळले.

ही आठवण मला जवळची वाटते, याचेही कारण आमच्या भागात आहे. सातारा आणि सांगलीकडच्या गावागावांतून त्याच युद्धात मराठा पलटणीचे जवान इटलीला गेले होते, आणि रायगड जिल्ह्यात माणगावजवळच्या पळसगावचे यशवंत घाडगे यांना १९४४ च्या जुलैत इटलीतच वीरमरण आले व मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. आमच्याकडच्या माणसांच्या कानावर त्या दिवसांत हे गाणे गेले असेल का, असे अण्णा कधी कधी म्हणत.

त्या वैभवकाळातल्या एका गोष्टीबद्दल मला आजही वाईट वाटते. १९४५ साली त्यांचे सर्वांत जास्त खपलेले गाणे ‘रम अँड कोका-कोला’ हे होते. मूळ गाणे त्रिनिदाद बेटावरच्या लॉर्ड इन्व्हेडर या कॅलिप्सो गायकाचे. बेटावर आलेले अमेरिकन सैनिक, त्यांचे डॉलर आणि त्यापायी स्थानिक बायकांची होणारी परवड यांवर त्याने ते रचले होते. अमेरिकेत ते दुसऱ्याच्या नावावर छापले गेले आणि या तिघींनी ते आनंदाच्या ठेक्यात गायले. दारूचा उल्लेख आणि एका कंपनीची फुकट जाहिरात एवढ्याच कारणांवरून तिकडच्या रेडिओने ते अडवले. त्यामागचे दुःख कोणाच्या ध्यानात आले नाही. पुढे न्यायालयाने शब्द आणि चाल या दोन्हींबाबत त्रिनिदादच्या बाजूने निकाल दिला. गाणे मुद्रणाच्या आदल्या रात्री हाती आले आणि शब्दांकडे आपले लक्षच गेले नाही, असे मॅक्सीनने पुढे सांगितले, आणि तिच्या सांगण्यावर माझा विश्वास आहे. तरीही ज्यांच्या गळ्यावर लाखो लोक विसंबतात त्यांनी शब्द वाचायला हवे होते, असे मला वाटते. दुपारी ठेका धरून आम्हीही ते गाणे म्हणत होतो, आणि अर्थ कळल्यानंतर ते माझ्या तोंडून पुन्हा कधी आले नाही.

युद्धानंतर हळूहळू चिरा पडत गेल्या. १९४८ साली आई गेली आणि पुढच्याच वर्षी वडील गेले. १९४९ साली ‘आय कॅन ड्रीम, कान्ट आय’ हे गाणे पहिल्या क्रमांकावर गेले, परंतु ते बहुतेक सगळे पॅटीचे गाणे आहे आणि बाकीच्या दोघी मागे साथीला आहेत. तो गोडवा ऐकताना पुढे काय होणार याची चाहूल लागते. वाद्यवृंदातल्या पियानोवादकाशी पॅटीचे लग्न झाले आणि तिच्या कामाची व्यवस्था तो पाहू लागला. पॅटीने एकटीने गायचे ठरवले आणि बहिणींना ते तिच्या तोंडून न कळता बाहेरून कळले, असे सांगतात. आईवडिलांच्या मिळकतीवरून प्रकरण न्यायालयात गेले. १९५४ च्या डिसेंबरात मॅक्सीनने झोपेच्या गोळ्या घेतल्याची बातमी वर्तमानपत्रांत आली. लाव्हर्नने तो अपघात असल्याचे सांगितले. आईवडील गेल्यावर वाटणीच्या कागदावरून सख्ख्या भावंडांचे बोलणे बंद होते, हे आमच्या गल्लीत मी डोळ्यांनी पाहिलेले आहे, आणि त्या भांडणात पैशापेक्षा ‘मला कोणी विचारले नाही’ हे दुखणे मोठे असते.

दोन वर्षे तिघी वेगळ्या राहिल्या. लाव्हर्न आणि मॅक्सीन यांनी दोघींचा कार्यक्रम करून पाहिला, पॅटीने एकटीने तबकड्या काढल्या, आणि कोणालाच पूर्वीसारखे यश आले नाही. १९५६ साली त्या पुन्हा एकत्र आल्या. तोवर रॉक अँड रोलचे दिवस सुरू झाले होते आणि नवी पोरे त्यांच्याकडे आपल्या आयांचे गाणे म्हणून पाहत होती. तरी त्या दहा वर्षे देशोदेशी गात राहिल्या. १९६६ साली टेलिव्हिजनवर तिघींनी शेवटचे गायले आणि ८ मे १९६७ रोजी कर्करोगाने लाव्हर्न गेली. ती ५५ वर्षांची होती.

तिच्या जागी दुसरी गायिका घेऊन थोडे दिवस कार्यक्रम चालवून पाहिले आणि १९६८ साली तो प्रयत्न सोडून दिला. मग १९७३ साली बेट मिडलर हिने ‘बूगी वूगी बगल बॉय’ पुन्हा गाऊन ते नव्या पिढीत लोकप्रिय केले आणि त्या लाटेवर पुढच्या वर्षी मॅक्सीन व पॅटी न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेवर युद्धकाळावरच्या एका संगीत नाटकात उभ्या राहिल्या. नाटक जवळजवळ वर्षभर भरभरून चालले, दौरा ठरला आणि रद्द झाला, आणि त्यानंतर दोघी बहिणींमधला अबोला जवळजवळ कायमचा झाला. मॅक्सीन १९९५ साली गेली. पॅटी ३० जानेवारी २०१३ रोजी, ९४ वर्षांची होऊन गेली. म्हणजे लाव्हर्नच्या मागे पॅटी ४५ वर्षे जगली, आणि त्यातली पहिली काही वर्षे सोडली तर तो त्रिस्वर तिच्या गळ्याशेजारी पुन्हा उभा राहिला नाही.

असे वाचले की मला मिरजेत जन्मलेल्या हिराबाई बडोदेकर आणि सरस्वतीबाई राणे या बहिणी आठवतात. अब्दुल करीम खाँसाहेबांच्या या मुली. आईवडील वेगळे झाल्यावर आईबरोबर राहिलेल्या, नावे बदललेल्या, आणि तरीही घराण्याचा स्वर सांभाळलेल्या. १९६५ च्या सुमारास दोघी मिळून जुगलबंदी गाऊ लागल्या, तेव्हा दोन स्त्रियांनी एका बैठकीत असे गाणे नवेच होते. त्यांची रीत वेगळी. एकीने जागा घ्यायची, दुसरीने ती ऐकून पुढे न्यायची. आमच्याकडे रेडिओवर तो कार्यक्रम लागला की अण्णा कामाचा हात थांबवीत. थोरलीने मांडलेल्या स्वराचा मान राखत धाकटी पुढे जाते, हे तिथे स्पष्ट ऐकू येते, आणि दोघींना ते उतारवयात साधले याचे मला विशेष वाटते.

अक्का आता तासगावला असते. तिचे गुडघे गेल्यामुळे सांगलीला येणे वर्षातून एकदाच होते. आम्ही फोनवर एकत्र गायचा प्रयत्न केला, परंतु आवाज पोहोचायला जो क्षणभर उशीर होतो त्यामुळे दोघींची लय जुळत नाही आणि एकीला गप्प राहावे लागते. यंदा मे महिन्यात ती आली, विट्याहून धाकटीही आली आणि दुपारी जेवणे झाल्यावर जुन्या तबकडीची आठवण निघाली. तबकडी केव्हाच घासून गेली आहे, म्हणून मी मोबाइलवर ते गाणे लावले. अक्काने दोन ओळी ऐकल्या आणि म्हणाली, ‘‘अगं, थोरली कुठे आहे यात?’’

मी पुन्हा लावले. तिचे बरोबर होते. मोबाइलच्या इवल्याशा कर्ण्यातून पॅटी आणि मॅक्सीन खणखणीत येत होत्या आणि खालचा आवाज जवळजवळ पुसला गेला होता. माझ्या मुलाने आतल्या खोलीतला मोठा स्पीकर आणून जोडला आणि गाणे पहिल्यापासून सुरू केले. मुखडा आला तेव्हा अक्काने पदराने डोळे पुसले, मांडीवर हाताने ताल धरला आणि लाव्हर्नच्या खालच्या स्वरावर नुसता आकार लावून ती शेवटपर्यंत तिथेच राहिली. मग धाकटीने पंचम धरला आणि माझ्याकडे पाहिले.